४५ पाहुणे, दोन शेगड्या आणि ‘शिळं’ हा शब्द

पत्राचा आशय असा आहे. परभणी जिल्ह्यातल्या एका तालुक्याच्या गावी राहणाऱ्या आणि शाळेत शिकवणाऱ्या एका भगिनींच्या सासऱ्यांचे सहस्रचंद्रदर्शन मे महिन्याच्या दुसऱ्या आठवड्यात आहे. आदल्या संध्याकाळपर्यंत ४५ माणसे घरी मुक्कामाला येतील. दुपारचा स्वयंपाक आचाऱ्याकडे दिलेला आहे. सकाळचा नाश्ता मात्र घरच्या घरी करायचा असे ठरले आहे, आणि ‘घरच्या घरी’ म्हणजे त्यांनी एकटीने, हे कुणी न बोलताच ठरले आहे. दोन वर्षांपूर्वी पुतण्याच्या लग्नात त्यांनी ५० माणसांचे पोहे केले होते. पहिल्या पंगतीला ते कोरडे लागले, शेवटच्या पंगतीला त्यांचा गोळा झाला, आणि त्यांची स्वतःची आंघोळ मुहूर्ताच्या पाच मिनिटे आधी उरकली. या वेळी पुण्यात नोकरी करणाऱ्या त्यांच्या लेकीने सुचवले की पाव, अंडी, दूध आणि चीज यांचे थर रात्रीच ताटात लावून ठेवावेत आणि सकाळी ओव्हनमध्ये भाजावेत. ते ऐकून थोरल्या जाऊबाई म्हणाल्या, “कार्याच्या दिवशी पाव्हण्यांना शिळंपाकं वाढायचं का?” ताईंचा प्रश्न असा आहे, की रात्री करून ठेवता येईल, सकाळी गरम वाढता येईल, सगळ्यांचे पोट भरेल आणि कुणी नाव ठेवणार नाही, असा एखादा पदार्थ आहे का?

ताई,

तुमच्या चार अटींपैकी पहिल्या तीन अटी पुरवणे शक्य आहे. चौथी कोणत्याही पदार्थाच्या हाती नाही, म्हणून ती मी आत्ताच बाजूला ठेवते. ४५ पाहुण्यांमध्ये नाव ठेवणारे निदान दोघे असतातच, आणि ते पक्वान्नालाही ठेवतात.

पहिली अट मात्र आपण जरा थांबून पाहू, कारण माझ्या मते सगळा गुंता तिथेच आहे. ‘रात्री करून ठेवणे’ या तीन शब्दांत तुम्ही, तुमची लेक आणि तुमच्या जाऊबाई तीन वेगवेगळ्या गोष्टी म्हणत आहात. तुम्हाला पहाटेची धावपळ नको आहे. लेकीला रात्री थर लावून सकाळी भाजायचे आहे, म्हणजे तिच्या मनातला पदार्थ शिजतो तो सकाळीच. जाऊबाईंना दिसते आहे ते रात्री शिजवून, झाकून, सकाळी पुन्हा गरम केलेले अन्न. यांपैकी जाऊबाईंच्या डोळ्यांपुढे जे आहे, त्याबद्दल त्यांचा आक्षेप मला पूर्णपणे मान्य आहे, आणि तो मानपानापेक्षा प्रकृतीच्या कारणाने अधिक मान्य आहे.

हे मी स्वानुभवाने सांगते. काही वर्षांपूर्वी आमच्या घरी वास्तुशांत होती. मी फार शहाणपणा करून ३० माणसांचे उपीट रात्री अकरा वाजता शिजवले, मोठ्या पातेल्यात घट्ट झाकून ओट्यावर ठेवले आणि निश्चिंत झोपले. दिवस चैत्राचे होते. सकाळी झाकण काढले तेव्हा वरून काहीच कळत नव्हते, परंतु मधोमध उलथणे घातल्यावर आतून कोमट, आंबूस वाफ आली. सगळे पातेले टाकून द्यावे लागले आणि पाहुण्यांना चहा-बिस्किटांवर पूजेला बसवावे लागले. झाले असे होते, की मोठ्या भांड्यात दाबून भरलेले अन्न कडेने निवते, पण मधला भाग कित्येक तास कोमटच राहतो. ५ ते ६० अंश सेल्सिअस या तापमानात अन्न नासवणारे जंतू झपाट्याने वाढतात. म्हणूनच शिजलेले अन्न दोन तासांपेक्षा जास्त वेळ बाहेर ठेवू नये, आणि हवाच ३२ अंशांच्या वर असेल तर एक तासच ठेवावे, असे सांगितले जाते. आपल्याकडे मे महिन्यात दुपारी पारा ४२ च्या आसपास असतो, आणि रात्री स्वयंपाकघरात पंखा लावूनही घाम पुसावा लागतो. तांदळाच्या बाबतीत तर आणखी एक अडचण आहे. बॅसिलस सीरियस नावाच्या जिवाणूचे बीजाणू उकळण्यानेही मरत नाहीत. भात कोमट राहिला तर ते पुन्हा वाढू लागतात, आणि त्यांनी तयार केलेले विष नंतर कितीही गरम केले तरी जात नाही. तेव्हा ‘सकाळी चांगले उकळून घेऊ’ ही समजूत उपयोगाची नाही. रात्री शिजवलेले अन्न ठेवायचेच असेल तर ते परातीत पसरून लवकर निववावे आणि थेट फ्रीजमध्ये ठेवावे. ४५ माणसांच्या अन्नाला पुरेल एवढा फ्रीज तुमच्या घरी नसावा, आणि असला तरी त्यात दूध, दही, हार आणि प्रसादाचे सामान असेल.

आता लेकीच्या पदार्थाकडे वळू. ती त्याला कॅसरोल म्हणते. आपल्या घरांत कॅसरोल म्हणजे पोळ्यांचा गरम डबा, त्यामुळे जाऊबाईंनी ‘डब्यात भरून ठेवलेले’ असे ऐकले असण्याचा बराच संभव आहे. मुळात हा शब्द खोलगट, ओव्हनमध्ये चालणाऱ्या भांड्याचा आहे आणि त्यावरून त्यात भाजलेल्या पदार्थालाही तेच नाव पडले. नाश्त्याच्या प्रकारात तळाशी पावाचे तुकडे, त्यांवर परतलेल्या भाज्या आणि किसलेले चीज घालतात, आणि वरून अंडी व दूध एकत्र फेटून ओततात. रात्रभर फ्रीजमध्ये पाव ते दूध पिऊन घेतो आणि सकाळी भाजल्यावर सगळे मिळून एकसंध, भरदार वडी होते. नऊ बाय तेरा इंचांच्या एका ट्रेला साधारण ४०० ग्रॅम पाव, ८ ते १० अंडी, ६०० मिलीलिटर दूध आणि २०० ग्रॅम चीज लागते, आणि त्यात ८ ते १० माणसांचे पोट भरते. या पदार्थाला ताजा, मऊ पाव चालत नाही. तो चिखल होतो. आदल्या दिवशीचा, हवेवर सुकलेला पावच हवा. म्हणजे ज्याला जाऊबाई नाके मुरडतात त्या शिळेपणावरच ही पाककृती उभी आहे, पण हे तुम्ही त्यांना कार्य पार पडल्यावरच सांगा.

पदार्थ उत्तम आहे. तरीही तुमच्या त्या सकाळी तो करू नये असे मला वाटते, आणि त्याची कारणे सरळ हिशेबाची आहेत. ४५ माणसांना निदान पाच ट्रे लागतील. कच्च्या अंड्या-दुधाचे पाच ट्रे रात्रभर ५ अंशांच्या खालीच राहायला हवेत, आणि घरच्या फ्रीजमध्ये फार तर दोन मावतील. तुमच्या ओटीजीत, म्हणजे विजेच्या छोट्या ओव्हनमध्ये, एका वेळी एकच ट्रे बसेल. १८० अंशांवर त्याला ४५ ते ५५ मिनिटे लागतील, म्हणजे पहाटे चारला सुरुवात केली तरी पाचवा ट्रे साडेआठच्या सुमारास बाहेर येईल, तोही वीज गेली नाही तर. शिवाय पूजेच्या सकाळी, नैवेद्य व्हायच्या आधी, वारकरी सासऱ्यांच्या घरात अंडे शिजवायचे का, हा प्रश्न तुम्ही पत्रात विचारलेला नाही, पण ‘जाऊबाई आणखीही काही म्हणाल्या’ या तुमच्या वाक्यात तो मला ऐकू आला. त्यावर वाद घालण्यात अर्थ नाही. तो त्या घराचा, त्या दिवसाचा नियम आहे.

परंतु लेकीच्या सूचनेतले तत्त्व तुम्ही जरूर घ्या. पदार्थ रात्री कच्चा तयार ठेवायचा आणि सकाळी त्याला फक्त आच दाखवायची, हे ते तत्त्व आहे. आपल्या स्वयंपाकात ते जुनेच आहे, कारण आंबवलेले पीठ म्हणजे दुसरे काय? रात्रभरात ते आंबट होते आणि तो आंबटपणाच त्याला नासू देत नाही. म्हणून शिजवलेल्या भाताला जी रात्र घातक असते, ती दह्यात कालवलेल्या पिठाला मानवते. गुजराती हांडवा हा तर आपल्या शेजारघरचा कॅसरोलच आहे. डाळ-तांदळाचे आंबवलेले पीठ, त्यात किसलेला दुधी, वर मोहरी-तिळाची फोडणी, आणि भाजल्यावर सुरीने कापायचे जाड तुकडे. तुमच्यासाठी मी त्यात आपली ज्वारी घातली आहे आणि भाजण्याऐवजी तो थाळ्यांत वाफवायचा आहे, कारण वाफेला वीज लागत नाही.

कार्याच्या आठ दिवस आधी दीड किलो जाडा तांदूळ, अर्धा किलो ज्वारी, अर्धा किलो हरभऱ्याची डाळ, पाव किलो तुरीची आणि पाव किलो उडदाची डाळ धुऊन, सावलीत पूर्ण वाळवून गिरणीतून रवाळ दळून आणा. ढोकळ्याला हवे तसे म्हटले की गिरणीवाल्याला समजते. बारीक दळू देऊ नका. थाळा चिकट होतो. हे तीन किलो पीठ कोरड्या डब्यात आरामात राहते, आणि मिक्सरवर दहा घाणे वाटण्याचे काम इथेच संपते. आदल्या रात्री नऊ ते साडेनऊच्या दरम्यान एक लिटर आंबट दही आणि लागेल तसे, साधारण तीन लिटर, पाणी घालून ते कालवा. इडलीच्या पिठाहून किंचित घट्ट असावे. थंडीत मीठ सकाळी घालतात, पण मे महिन्यात निम्मे मीठ रात्रीच घाला. त्याने आंबण्याचा वेग थोडा आवरतो. एकूण मीठ १०० ग्रॅमच्या आसपास लागेल, मात्र शेवटचा शब्द जिभेचा. नऊच्या आधी कालवू नका. आपल्याकडच्या उन्हाळ्यात सात तास पुरतात, दहा तासांत पीठ तोंड वाकडे करण्याइतके आंबते.

सकाळी त्यात दोन किलो दुधी किसून घाला. दुधी रात्री किसून ठेवला तर काळा पडतो आणि पाणी सोडतो, म्हणून हे एक काम सकाळीच. दोघींनी बसून केले तर पंधरा मिनिटांत होते. आले-मिरचीचे वाटण, हळद, थोडा गूळ, कोथिंबीर आणि वाटीभर तेल घाला. कांदा-लसूण त्या दिवशी चालत नसेल तर त्यांची उणीव भासत नाही. बारा इंची थाळ्याला तेल लावून इंचभर जाडीचा थर ओता. एवढ्या पिठात सहा थाळे होतात. एका थाळ्याच्या सोळा वड्या केल्या तर ९६ वड्या होतील, म्हणजे माणशी दोन आणि वर सहा. प्रत्येक थाळ्याला २५ ते ३० मिनिटे दणदणीत वाफ द्या. मध्यभागी सुरी खुपसून ती स्वच्छ बाहेर आली पाहिजे. बाहेर काढल्यावर दहा मिनिटे हात लावू नका, गरम असताना कापले तर वड्या फुटतात. मग भरपूर तीळ, मोहरी, हिंग आणि कढीपत्त्याची फोडणी वरून पसरा. मुलांना खरपूस आवडत असेल तर चार वड्या तव्यावर टाका. त्यासाठी रांग लागेल, याची तयारी ठेवा.

थाळे वाफवायला घरचे मोदकपात्र पुरणार नाही. बिछायत केंद्रातून, जिथून तुम्ही सतरंज्या आणि पाण्याचे पिंप आणणार आहात तिथूनच, चार खणांचे मोठे इडली-ढोकळ्याचे भांडे भाड्याने मिळेल. दुपारच्या स्वयंपाकासाठी आचारी मोठी भट्टी आणि सिलिंडर आणणारच आहे, तर त्याला ते आदल्या संध्याकाळीच अंगणात आणून ठेवायला सांगा. म्हणजे साडेपाचला चार थाळे चढतील, सव्वासहाला उरलेले दोन, आणि सात वाजता सगळे उरकलेले असेल. तुमच्या घरातल्या दोन शेगड्या चहा-दुधासाठी मोकळ्या राहतील. चहाला दोन वेळांचे मिळून सहा लिटर दूध धरा आणि ते रात्री आणून ठेवण्यापेक्षा सकाळी यायला सांगा. आधी एकदा सगळ्या मापांचा सहावा भाग घेऊन एका थाळ्याचा प्रयोग रविवारी घरच्या आठ जणांवर मात्र करा. ४५ माणसांसमोर कोणताही पदार्थ पहिल्यांदा करू नये. त्यात माझी पाककृतीही आली.

तुमच्या पत्रातली आणखी एक समजूत मला खटकली. सगळे ४५ जण एकाच वेळी, एकाच पंगतीला, गरम गरम खाणार असे तुम्ही धरून चालला आहात. पुतण्याच्या लग्नातले पोहे त्यामुळेच बिघडले असावेत. मुक्कामाच्या पाहुण्यांची सकाळ कशी असते ते आठवून पाहा. आजोबांच्या वयाची मंडळी पाचलाच उठून, आंघोळ करून, चहासोबत ‘काहीतरी’ची वाट पाहत ओसरीवर बसलेली असतात. पूजेला बसणारे जोडपे काही खाणारच नाही. सुना आणि मुली साडी नेसून झाल्यावर आठ वाजता येतील, आणि रात्री दोनपर्यंत गप्पा मारलेली तरुण मुले नऊ वाजता हलवून उठवावी लागतील. पोह्यांसारखा पदार्थ एवढा वेळ थांबत नाही. वाफवलेल्या वड्या सात ते नऊ आनंदाने थांबतात आणि गार झाल्या तरी चवीला कमी होत नाहीत. त्या परातीत मोकळ्या ठेवा, वर मलमलीचे कापड टाका. घट्ट झाकण ठेवले तर वाफेचे पाणी पडून त्या ओल्या होतात.

पाचला उठणाऱ्यांसाठी मात्र आदल्या संध्याकाळी करून ठेवण्याजोगा एक पदार्थ आहे आणि तो जाऊबाईंना माझ्याहून चांगला येत असणार. दशम्या. दुधात मळलेल्या, पाण्याचा थेंब नसलेल्या दशम्या आपल्या आज्या पंढरपूरला, तुळजापूरला जाताना फडक्यात बांधून नेत आणि दुसऱ्या दिवशी खात. त्यांत ओल कमी असते, नीट भाजलेल्या असतात, आणि पूर्ण निवल्यावर एकावर एक रचल्या तर रात्रभर चांगल्या राहतात. पाण्याऐवजी दुधात मळलेल्या म्हणून त्या खरकट्यात धरत नसत, ही गोष्टही जाऊबाईंना ठाऊक असेल. २५ दशम्या, शेंगदाण्याची कोरडी चटणी आणि दही एवढे ओसरीवर ठेवा. धपाटेही चालतील, पण त्यांत रात्री कांदा आणि दही घालू नका.

दुसरे पर्याय मी विचारात घेतले नाहीत असे समजू नका. सुशीला हा मुरमुऱ्यांचा नाश्ता माझ्या आवडीचा आहे. मुरमुरे भिजवायला दोन मिनिटे लागतात, डाळव्याचे कूट आणि मिरच्या रात्री तयार ठेवता येतात, आणि तो पोह्यांसारखा गोळा होत नाही. परंतु पूजा लांबली आणि जेवायला दोन वाजले तर नुसत्या सुशिल्यावर सकाळचे पोट टिकत नाही. वड्या कमी पडतील अशी धाकधूक असेल तर दोन किलो मुरमुरे घरात आणून ठेवा. ऐन वेळी दहा मिनिटांत सुटका होते. उपिटाचा रवा आठवडाभर आधी भाजून ठेवता येतो, पण ४५ माणसांचे उपीट ढवळायला हाताला ताकद लागते, आणि माझी त्याच्याशी कट्टी आहे ती वर सांगितलीच. बाहेरून इडली-वडे मागवणे हाही अगदी सन्मानाचा मार्ग आहे. तुमच्या गावात भरवशाचे हॉटेल असेल आणि ‘सकाळी सात’ म्हणजे खरोखरच सात असा त्याचा लौकिक असेल, तर हे सगळे पान उलटून तुम्ही तोच मार्ग धरला तरी मला वाईट वाटणार नाही.

लेकीच्या पदार्थाचे काय, तर तो दुसऱ्या दिवशी सकाळी करा. कार्य झालेले असेल, बरेचसे पाहुणे गेलेले असतील, मागे राहिलेल्या दहा-बारा जणांत भाचरे-पुतणे जास्त असतील आणि फ्रीजही रिकामा झालेला असेल. एका ट्रेला तुमचा ओटीजी पुरेसा आहे. लेकीला दोन गोष्टी सांगा. पालक, टोमॅटो, कांदा हे आधी परतून त्यांचे पाणी आटवायचे, नाहीतर तळाशी पाणी साचते. आणि काचेचा ट्रे असेल तर फ्रीजमधून काढून वीस मिनिटे बाहेर ठेवूनच गरम ओव्हनमध्ये सरकवायचा, अन्यथा तो तडकतो. मधला भाग हलेनासा झाला की पदार्थ झाला. जे अंडी खात नाहीत त्यांच्यासाठी आदल्या दिवशीचे राखून ठेवलेले थोडे पीठ असेल, त्याचे तव्यावर जाड घावन काढा. मात्र ते पीठ दुधी घालण्यापूर्वी बाजूला काढून फ्रीजमध्ये ठेवलेले असावे.

आता कामाच्या वाटणीबद्दल. तुमच्या तीन पानी पत्रात लेकीचा उल्लेख सात वेळा आहे, जाऊबाईंचा अकरा वेळा आहे आणि तुमच्या यजमानांचा एकदा, तोही ‘त्यांचे म्हणणे, तुम्ही बायकाच ठरवा’ एवढाच. वडील त्यांचे आहेत, हे त्यांना प्रेमाने आठवण करून द्यायला हरकत नाही. भट्टी पेटवणे, थाळे चढवणे-उतरवणे ही जड आणि वाफेची कामे पुरुषांनी करावीत; हात भाजू नये म्हणून जाड फडकी आणि सांडशी तेवढी तुम्ही काढून द्या. जाऊबाईंकडे दशम्या सोपवा, पण ‘मदत करा’ असे न म्हणता ‘दशम्या तुम्हीच बघा, मला तुमच्यासारख्या जमत नाहीत’ असे म्हणा, आणि ते खरे असेल तरच म्हणा. ज्या बाईला पंगतीच्या अन्नाची एवढी काळजी आहे, तिला वगळून पंगत मांडणे हा अपव्यय आहे. त्यांना हेही मोकळेपणी सांगा की वड्या सकाळी सहाला वाफवल्या जाणार आहेत, रात्री फक्त पीठ कालवले जाणार आहे. मला वाटते, अर्धा विरोध तिथेच मावळेल. उरलेला अर्धा वेगळ्या कशाबद्दल असेल, तर तो नाश्त्याने मिटणार नाही आणि मिटवू पाहूही नये.

अशाच अडचणीत असलेल्या इतर वाचकांसाठी थोडे अधिक सांगते. १५-२० माणसांचा प्रश्न असेल आणि घरी मोठा फ्रीज असेल, तर अंड्यांचा ट्रे पहिल्याच दिवशी करता येईल. एक ट्रे भाजून काढेपर्यंत दुसरा फ्रीजमध्येच राहू द्या. ट्रे जास्त असतील आणि गावात पावाची भट्टी असेल तर तिथे विचारून पाहा. दिवाळीआधी आपण नानकटाईचे पीठ घेऊन जातोच की, आणि पावाची खेप निघाल्यावर भट्टी बराच वेळ गरम असते. हिवाळ्यात हेच पीठ संध्याकाळी पाचलाच कालवावे लागेल आणि पातेल्याभोवती घोंगडी गुंडाळावी लागेल; डिसेंबरात आपल्याकडे पहाटे चांगलीच थंडी पडते आणि बारा तासही कमी पडतात. हुरड्याच्या दिवसांत शेतावर मंडळी नेणाऱ्यांनी तर वड्या घरीच वाफवून, निववून न्याव्यात आणि तिथे तव्यावर परताव्यात. पाण्याचे टँकर सुरू असलेल्या गावांत ४५ स्टीलच्या ताटल्या घासण्याचा विचारही करू नका. पळसाच्या पत्रावळी आणि द्रोण घ्या. वड्यांना रस नसल्यामुळे त्या गळत नाहीत.

तुमच्या पूजेला बसणाऱ्या सासू-सासऱ्यांसाठी चार वड्या वेगळ्या काढून, निवल्यावर, फ्रीजमध्ये ठेवा. ८१ वर्षांच्या माणसाने दुपारी दोनपर्यंत उपाशी राहावे का, हे त्यांच्या डॉक्टरांना आधीच विचारून घ्या आणि त्यांचे म्हणणे गुरुजींच्या कानावर घाला. दूध-फळे चालतील असे बहुतेक गुरुजी स्वतःच सांगतात.

आणि रात्री पीठ कालवून ठेवाल ते पातेले दुप्पट मोठे असू द्या आणि ते परातीत ठेवा. मे महिन्यात पीठ रात्री दोन-अडीचला फुगून काठावर येते. माझ्या एका मामीचे तर ओट्यावरून खाली उतरून थेट पाहुण्यांच्या चपलांपर्यंत पोहोचले होते. झोपण्यापूर्वी आणि मध्यरात्री ते एकदा उघडून पाहण्याचे काम यजमानांना सांगा. तुम्ही झोपा.